वाचलं का मांजर?

वैशाखात वर्ध्याला दुपारी माणसाने काय करावं, याची मला दोनच उत्तरं सापडली आहेत. कूलरसमोर झोपावं, नाहीतर झोप लागेपर्यंत कूलरसमोर वाचत पडावं. यंदा या दुसऱ्या कामासाठी नात्सुमे सोसेकीची ‘मी एक मांजर आहे’ ही जपानी कादंबरी घेतली, इंग्रजी भाषांतरातून. शेजारच्या भाऊंनी कुंपणावरून विचारलं, “का करून राहिले जी?”

“मांजर वाचून राहिलो.”

चार दिवसांनी त्यांनी आठवणीने चौकशी केली. “मंग, वाचलं का मांजर?”

“वाचलं,” मी म्हणालो, “पण वाचलं नाही.”

भाऊंनी माझ्याकडे नीट पाहिलं आणि म्हणाले, “बाहेर निघताना खिशात कांदा ठेवत जा.”

पण माझं उत्तर तंतोतंत खरं होतं. ते मांजर शेवटी मरतं. सोसेकीने 1905 च्या जानेवारीत ‘होतोतोगिसु’ मासिकात एकच प्रकरण लिहिलं होतं. वाचकांना ते इतकं आवडलं की पुढच्या वर्षापर्यंत त्याची अकरा प्रकरणं झाली. मांजराला नाव नाही. त्याचा मालक शाळामास्तर, पोटाने अधू, तरी जेवणावर आडवा हात मारणारा. पोटासाठी तो ताकाडायस्टेज नावाचं औषध घेतो. ताकामिने नावाच्या जपानी रसायनशास्त्रज्ञाने ते काढलं, म्हणून ‘ताका’. पण नावातच ताक असल्यामुळे मला ते एकदम घरचं वाटलं. बाकी शेकडो पानं घडत काहीच नाही. मास्तरांकडे मित्र येतात, चहा पितात, थापा मारतात, उठून जातात. आमच्या ओसरीवर याहून वेगळं काही घडत नाही, फक्त ते लिहून ठेवणारं मांजर आमच्याकडे नाही.

अगदी शेवटी, सगळे निघून गेल्यावर, त्या मांजराला उदास वाटू लागतं. एवढे हसणारे लोक आतून रिकामेच, आणि मरायचं तर सगळ्यांनाच आहे. मन रमावं म्हणून ते पेल्यांत उरलेली बिअर चाटतं, झिंगतं, फिरायला निघतं आणि थेट पाण्याच्या रांजणात पडतं.

इथे मी पुस्तक मिटून विचार केला, की हे मांजर वर्ध्यात असतं तर वाचलं असतं. आमचा दारूबंदीचा जिल्हा, इथे पेल्यात बिअर उरण्याचा प्रश्नच येत नाही. निदान कागदोपत्री तरी येत नाही.

रांजणात ते नख्यांनी काठ ओरबाडत राहतं. काठ हाताला येत नाही, धडपड केली की तेवढ्यापुरतं नाक वर, आणि पुन्हा खाली. मग त्याच्या ध्यानात येतं, की जे होणारच नाही त्यासाठी आपण आपलेच हाल करतोय. ते पाय सोडून देतं आणि त्याला बरं वाटू लागतं. अमिताभ बुद्धाचं नाव घेत ते जातं.

हे सोडून देणं आम्हा वर्धेकरांना नवं नाही. पवनार इथून आठेक किलोमीटर. नोव्हेंबर 1982 मध्ये विनोबांनी तिथे अन्न, पाणी, औषध, तिन्ही थांबवलं, आणि 15 तारखेला, ऐन दिवाळीत, ते गेले. वय 87. मी तेव्हा कॉलेजात होतो. सायकल हाणत गेलो. धाम नदीकाठी माणसंच माणसं, पण आवाज कुणाचा चढत नव्हता. घरी आईने त्या दिवशी चकल्यांचा डबा उघडला नाही. आणि खरं सांगतो, एका महापुरुषाने अन्न सोडलंय हे डोळ्यांसमोर असताना मला पवनारच्या पुलावर त्या डब्याचीच आठवण येत होती.

ज्यासाठी विनोबांनी जन्मभर तयारी केली, तिथे हे मांजर दोन पेले बिअर पिऊन, चुकून पोहोचलं. ही तुलना पवनारला कुणाला आवडणार नाही. तशीच ती विश्वशांती स्तूपावरही चालायची नाही, पण वेगळ्या कारणाने. हा स्तूप ज्यांच्या पंथाचा, ते जपानी बौद्ध भिक्षू फुजी गुरुजी 1933 मध्ये गांधीजींना भेटायला वर्ध्याला आले, आणि त्यांच्या पंथाचा ‘नम म्यो हो रेंगे क्यो’ हा मंत्र पुढे सेवाग्रामच्या प्रार्थनेत आला. मांजर म्हणतं तो अमिताभाचा जप. फुजी गुरुजींच्या परंपरेचे मूळपुरुष निचिरेन यांच्या मते त्या जपाने माणूस नरकात जातो. मांजराचं काय होतं, हे त्यांनी सांगितलेलं नाही.

सोसेकीचं खरं मांजर 1908 मध्ये गेलं. सोसेकीने मित्रांना रीतसर काळ्या काठाची पत्रं धाडली. आपण कादंबरीत गुंतलो आहोत, भेटायला येऊ नये, असंही कळवलं. आठ वर्षांनी तोही गेला, पोटाच्याच दुखण्याने, 49 व्या वर्षी.

हे वाचलं त्याच आठवड्यात माझा रक्ताचा रिपोर्ट आला. साखर वाढलेली. गोरस भांडारातला गोरसपाक बंद. गाईच्या तुपातला, दाताखाली गेला की भुगा होणारा गोरसपाक! विनोबांनी पाणीसुद्धा सोडलं, मांजराने काठ सोडला. मी डबा वरच्या फळीवर ठेवला आणि फळीखालचं स्टूल तिथेच राहू दिलं.

मांजराची गोष्ट मी हिला सांगितली. ही मुकाट्याने अंगणात गेली आणि रांजणावरची ॲल्युमिनियमची ताटली काढून तिथे जाड लाकडी पाट ठेवला. कारण भिंतीवरून येणारी एक मांजर आमच्याकडेही आहे. तिलाही नाव नाही.

आता ती दुपारभर त्या पाटावरच झोपते. खालून गारवा लागतो. मला पाणी हवं असलं की मी ओगराळं हातात घेऊन उभा राहतो. ती एक डोळा उघडून बघते, पुन्हा मिटते.

“अहो, उठवू नका तिला,” ही आतून म्हणते. “फ्रिजमधलं घ्या.”