वाल, हिंग आणि राक्षस

एका दाण्यातून रातोरात आभाळापर्यंत वेल जातो, याचं इंग्रजांना केवढं अप्रूप! आमच्या घरी वाल रात्री भिजत पडतात, सकाळी फडक्यात बांधले की दुसऱ्या दिवशी नखभर मोड. आभाळ गाठायची त्यांना संधीच मिळत नाही. गूळ-खोबरं घालून त्यांचं बिरडं होतं.

ब्रायन सिंगरचा ‘जॅक द जायंट स्लेयर’ (२०१३) टीव्हीवर लागला होता. जवळजवळ २० कोटी डॉलर खर्चून केलेला, आणि त्या मानाने आपटलेला. त्यातला साधू जॅकला बजावतो, दाणे भिजू देऊ नकोस. ‘मग शिजायचे कसे?’ आईने विचारलं. पुढे एक दाणा फळ्यांच्या फटीतून खाली पडतो, पाऊस येतो आणि वेल अख्खं घर उचलून वर नेतो. आमच्या उल्हासनगरच्या कॅम्प चारमध्ये हे जमलं नसतं. पहिल्या मजल्यालाच केबलच्या वायरी, त्यावर कुणीतरी वाढवलेली गॅलरी, गॅलरीवर पत्रा, पत्र्यावर टाकी. त्यातूनही वेल वर पोचलाच, तर तिथे कुणीतरी आधीच एक खोली चढवलेली.

जुन्या गोष्टीतला जॅक मुळात चोरच. राक्षसाची सोन्याची अंडी देणारी कोंबडी पळवतो, वीणा पळवतो. १८०७मध्ये बेंजामिन टॅबर्टने ही गोष्ट छापली, तेव्हा तीत एक परी येते आणि सांगते, राक्षसाने ही दौलत जॅकच्या बापाचीच लुबाडली होती. मालकीचे पुरावे असे मागाहून आणून देणाऱ्याला आमच्याकडे परी नाही, एजंट म्हणतात.

भीमाला अशी सबब लागली नाही. बकासुरासाठी नेलेलं गाडाभर अन्न त्याने बकासुराच्या डोळ्यांदेखत खाल्लं. आधी जेवण, मग मारामारी. इथून जवळच अंबरनाथचं शिवमंदिर आहे. ते पांडवांनी एका रात्रीत बांधलं, पहाट झाली म्हणून शिखर अपुरं राहिलं, असं सांगतात. शिलालेख १०६०चा आहे, शिलाहारांच्या काळातला. पण तो आईला वाचून कोण दाखवणार? तिच्या मते पहाटेचा काही संबंध नाही. भीम मध्येच जेवायला बसला.

सिनेमात राक्षसांचा सेनापती फॅलन, त्याला दोन डोकी. तलवारीला, बाणांना दाद देत नाही. शेवटी जॅक त्याच्या घशात एक दाणा कोंबतो आणि वेल त्याच्या पोटातच फुटतो. एवढा धिप्पाड गडी आतून फाटून जातो.

‘हिंग नसणार घातला,’ आई म्हणाली, आणि फोडणी करायला उठली.