प्रवासवीर

सातारा-सांगलीकडे ज्या घरातील मुलगा पदवी घेऊनही कोठे चिकटला नाही, त्या घरी पूर्वी तलाठ्याच्या परीक्षेची अथवा पोलीसभरतीची गोष्ट निघे. हल्ली ड्रोनच्या किमतीची निघते, आणि 'ट्रॅव्हल फिल्ममेकर व होस्ट' ही सनद चिरंजीव स्वहस्ते स्वतःस बहाल करून मोकळे होतात.

हा धंदा परदेशातून आला असे निदान सांगलीकराने तरी म्हणू नये. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी सांगलीत 'सीतास्वयंवर' हे नाटक रंगविले, त्यात सूत्रधाराने सारे कथानक पद्यांतून गावे आणि पात्रांनी आयत्या वेळी सुचेल ते बोलावे असा परिपाठ होता. आमच्या प्रवासवीराने सूत्रधार आणि विदूषक ही दोन्ही वतने एकट्याने बळकावली असून, जिच्यासाठी हा सारा खटाटोप त्या सीतेची, म्हणजे ठोसेघरच्या धबधब्याची, जागा आपल्या खांद्यामागे, किंचित अस्पष्ट अशी मुक्रर केली आहे. धबधब्याकडे पाठ करून तो "मित्रांनो, माझ्याकडे शब्दच नाहीत" असे म्हणतो आणि पुढे अकरा मिनिटे बोलतो. कासच्या पठारावरील टोपली कारवी सात वर्षांतून एकदा फुलते हे त्याला पक्के ठाऊक आहे. ती यंदाच फुलली असल्याचे तो दरवर्षी जाहीर करतो. ज्या स्थळाला तो 'अपरिचित' म्हणतो तेथे पुढल्या रविवारी गाडी लावावयास जागा उरत नाही, आणि मग त्या गर्दीविषयी खेद व्यक्त करणारी त्याची दुसरी फिल्म निघते. याला व्यवहारचातुर्य नाही असे कोण म्हणेल?

साताऱ्याचा कंदी पेढा तो कसा खातो, हे मात्र समक्षच पाहावे. पेढा ओठांपासून चार बोटे दूर असतानाच डोळे मिटतात, मान डोलते, "अहाहा!" उमटते, कॅमेरा धरणारा मित्र (या संस्थानातील एकमेव बिनपगारी उमेदवार) "आवाज नाही आला रे" म्हणतो, मग दुसरा पेढा, मग तिसरा. पाचव्या "अहाहा!"ला दुकानदार वर न पाहता विचारतो, "अर्धा किलो बांधू का?"

वडील जिल्हा परिषदेच्या हिशेब खात्यातून निवृत्त झालेले. दौरा म्हणजे मुक्काम, अंतर आणि साहेबांची सही, याहून निराळी प्रवासाची कल्पना त्यांनी हयातीत केलेली नाही. यूट्यूबच्या दरबारी १,००० वर्गणीदार आणि वर्षभरात ४,००० तासांचे प्रेक्षण भरले म्हणजे जाहिरातीतला वाटा मागता येतो, हा कायदा चिरंजीवांनी त्यांना सविस्तर समजावून सांगितला. तो त्यांनी चष्मा पुसत ऐकून घेतला आणि एवढेच विचारले, "आणि तोवरचं पेट्रोल मी कोणत्या लेखाशीर्षाखाली खर्ची टाकू?"