तीन बाइटांचे नाना

आमच्या सोसायटीतले नाना मराठी अक्षर वाचत नाहीत, तोलतात. दारावरची नवी पाटी पाहून बाकीचे "छान!" म्हणतात, नाना म्हणतात, "बारा." हे नुसत्या 'श्री'चे. श, पाय मोडायची खूण, र आणि दुसरी वेलांटी, अशी चार चिन्हं. प्रत्येकी तीन बाइट, बाइटाला आठ शून्य-एक. म्हणजे आडनावापर्यंत पोचण्याआधीच 96 खर्च!

नानांचं दुःख 1992 सालचं आहे. न्यू जर्सीतल्या एका हॉटेलात केन थॉम्पसन आणि रॉब पाइक जेवायला बसले आणि ताटाखालच्या कागदावर यूटीएफ-8ची, म्हणजे अक्षरं बाइटांत बसवायच्या पद्धतीची, मांडणी झाली. "शेजारच्या टेबलावर एक, फक्त एक कुलकर्णी बसवायला हवा होता!" इंग्रजी अक्षर एका बाइटात. 2047 क्रमांकापर्यंतच्या चिन्हांना दोन बाइट, त्यात ग्रीक, रशियन, अरबी बसले. आपली देवनागरी सुरू होते 2304पासून. दार बंद झाल्यावर! नाना हे अशा आवाजात सांगतात, की ऐकणाऱ्याला बेळगाव आठवावं.

मात्र मांडणीला ते नावं ठेवत नाहीत. "पहिल्या बाइटाची सुरुवात 1110. वऱ्हाडातला पुढचा माणूस सांगतो ना, मागून अजून दोघं येतायत, तसं. मागचे दोघं 10 लावून येतात. मधूनच वाचायला घेतलं तरी कोण कुणाचा ते कळतं." एवढं बोलून ते क्षणभर थॉम्पसनला माफ करतात.

एसएमएसचा हिशेब वेगळा: इंग्रजीत 160 अक्षरं, देवनागरीत 70 चिन्हं. 'सत्यनारायणाच्या पूजेस सहकुटुंब यावे' यातच 35 गेली. वेळ, पत्ता आणि नाव घातल्यावर चिन्हं 70 ओलांडू लागली. दोन मेसेजचे पैसे द्यायचे? नानांनी 'सहकुटुंब' उडवलं. पुरुषमंडळी तेवढी आली, तीर्थ घेऊन गेली. शिरा तीन दिवस पुरला.

नातीच्या बारशाला तर कहर झाला. सुनेनं 'क्षितिजा' ठरवलेलं. पाळण्याखाली आत्या वाकली तोवर नानांची बोटं मोजून मोकळी: "24! अगं, जन्मभर प्रत्येक फॉर्मवर भरायचं आहे पोरीला. 'उमा' ठेवा, नवात होतं."

"बाबा, आता डेटा स्वस्त झालाय," सून म्हणाली.

"डेटा झाला असेल. बाइट तीनच आहेत."

माई इतका वेळ घुगऱ्या वाटत होत्या. पातेलं खाली ठेवून म्हणाल्या, "माझं नाव तर लग्नात उखाण्यात घेतलंत तेवढंच. नंतर आयुष्यभर 'अगं'. तेव्हा कुठला कॉम्प्युटर होता?"

सगळे हसले. नानांनी मान खाली घातली. ओठ हलले, बोटं हलली.

"तेही नवातच बसतं," ते म्हणाले.