पुढेपुढे करणारे

गेम हँग झाला तर माणूस समजून घेतो. कॉम्प्युटर जुना, रॅम कमी, पंख्यात धूळ. नशिबाला बोल लावून मोकळं होता येतं. पण गेम ठणठणीत, कॉम्प्युटर ठणठणीत, आणि ऐन धुमश्चक्रीत समोर एकदम डेस्कटॉप? गेम खाली टास्कबारवर जाऊन बसलेला. गोळ्यांचे आवाज चालूच. तुम्ही धडपडत परत वर येईपर्यंत तुमचा निकाल लागलेला.

मारेकरी कोण? शत्रू नव्हे. घरातलाच कुणीतरी.

भिसेगावात, कर्जत स्टेशनला खेटून उभ्या असलेल्या इमारतींमध्ये, हे रात्री अकरानंतर घडतं. आईबापांना वाटतं पोरगं बिघडलं. पोराला वाटतं कॉम्प्युटर बिघडला. दुरुस्तीवाल्याला वाटतं, चला, गिऱ्हाईक आलं.

त्याचं औषध ठरलेलं: विंडोज नव्याने टाकू. ताप असो, खोकला असो, पाय मुरगळलेला असो, विंडोज नव्याने टाकू.

दुसरा वैद्य वर्गातला मित्र. गेम काढ आणि पुन्हा टाक, म्हणतो. शंभर जीबीचा गेम पुन्हा उतरवायचा, भर पावसाळ्यात, घाटाच्या पायथ्याच्या नेटवर. म्हणजे सहामाहीपर्यंत अभ्यासाची सोय झाली.

तिसरा सांगतो, ग्राफिक्स कार्डच बदल. त्याला स्वतःचं जुनं कार्ड विकायचं असतं.

साधा प्रश्न तिघांपैकी एकालाही सुचत नाही. गेम खाली गेला, तेव्हा वर कोण आलं?

मामला सरळ आहे. फुल स्क्रीन गेम अख्खा पडदा स्वतःच्या ताब्यात घेतो. तेवढ्यात दुसरा एखादा प्रोग्राम पुढे घुसला की कीबोर्ड आणि माउस त्याच्या हवाली होतात. मग गेम पडदा सोडतो आणि निमूट खाली जातो. तो बिघडलेला नसतो, नियमाने वागत असतो. नियमाने वागणाऱ्याचं आपल्याकडे जे होतं, तेच त्याचं होतं.

आता संशयितांची ओळख परेड घ्या. अपडेट करणारा. गेम विकणाऱ्या दुकानाचा लाँचर, ज्याला तुम्ही विकत घेतलेला गेम खेळत असतानाच पुढचा गेम विकायचाय. व्हायरस सापडला नाही म्हणून तुमचं अभिनंदन करायला येणारा अँटीव्हायरस. आणि प्रिंटरचं सॉफ्टवेअर. प्रिंटर केव्हाच भंगारात गेला, सॉफ्टवेअर मात्र अजून ड्युटीवर.

यांना आत कोणी घेतलं? ‘नेक्स्ट, नेक्स्ट, फिनिश’ कोणी केलं?

बरं, सगळेच बाहेरचे नसतात. गेममध्ये पळायचं बटण बहुधा शिफ्ट. जीव मुठीत धरून पळणारा माणूस शिफ्ट एकदाच दाबतो का? लागोपाठ पाच वेळा दाबलं की विंडोज मधे येऊन विचारतं, स्टिकी कीज चालू करू का? ही सोय खरं तर चांगली आहे. ज्यांना दोन बटणं एकदम दाबणं जमत नाही, त्यांच्यासाठी ती विंडोज ९५ पासून आहे. त्यांचा तो हक्कच. फक्त पळणारा आणि मदत हवी असणारा यांच्यातला फरक विंडोजला इतक्या वर्षांत कळलेला नाही.

दुसरं घरचं माणूस म्हणजे विंडोजचं बटण. कंट्रोल आणि ऑल्टच्या मधोमध. वाकायला कंट्रोल दाबावं, बोट अर्धा इंच सरकावं, आणि स्टार्ट मेनू दत्त म्हणून हजर. बटण तिथे ठेवणाऱ्याने आयुष्यात गेम खेळला असेल का?

तरी हे दोघे चेहरा दाखवून येतात. खरा चोर तोंडही दाखवत नाही. एक काळी चौकट अर्धा सेकंद चमकते, काय लिहिलंय ते वाचायच्या आत गायब, आणि गेम खाली. २०१७ मध्ये जगभरातल्या लोकांनी याच चोरापायी केस उपटले. तासाला एकदा, घड्याळ लावल्यासारखा यायचा. कुणी व्हायरस म्हटलं, कुणी हॅकर. निघालं काय? मायक्रोसॉफ्टच्याच ऑफिसचं एक पार्श्वभूमीत चालायचं काम. त्याचं नाव ऑफिस बॅकग्राउंड टास्क हँडलर.

नावातच बॅकग्राउंड. आणि हौस पुढे यायची.

कंपनीने नंतर ते दुरुस्त केलं. पण त्या प्रकरणातून एक युक्ती हाती लागली, ती फुकट आहे म्हणून कुणी सांगत नाही. गेम खाली गेला की आधी शिव्या नकोत, घड्याळ बघा. दर तासाला, ठरल्या मिनिटाला जात असेल तर टास्क शेड्युलर उघडा. त्या वेळेला कोणतं काम लावलंय ते तिथे लिहिलेलं असतं. कधीही, कसाही जात असेल तर मघाच्या ओळख परेडीकडे वळा. कोणता प्रोग्राम कधी पुढे आला याची नोंद ठेवणारी छोटी फुकट साधनंही मिळतात. चोराची वेळ कळली की अर्धा चोर सापडला.

यावर कायदा नाही असं समजू नका. विंडोज ९८ पासून नियम आहे: माणूस एका प्रोग्राममध्ये काम करत असताना दुसऱ्याने परस्पर पुढे घुसायचं नाही. फार तर टास्कबारवरचं आपलं बटण लुकलुकवायचं. नियम उत्तम. अपवादांची यादी मात्र नियमाहून लांब. वाचून ओळखीचं वाटतंय ना?

शिवाय नियम करणाराच पुढे घुसला तर दाद कुणाकडे मागायची? एप्रिल २०१६ मध्ये अमेरिकेतल्या आयोवा राज्यात केसीसीआय वाहिनीवर हवामानाचा अंदाज चालू होता. थेट प्रक्षेपण. नकाशावर पाऊस सरकतोय, निवेदिका समजावून सांगतेय. तेवढ्यात नकाशावर चौकट उगवली: मायक्रोसॉफ्ट तुम्हाला विंडोज १० घ्यायची शिफारस करत आहे. बाई हसल्या आणि पुढे सरकल्या. त्याच विंडोज १० ची मुदत १४ ऑक्टोबर २०२५ ला संपली. विंडोज ११ घ्या म्हणून पडदाभर विनवण्या त्याआधीच सुरू झाल्या होत्या.

पार्श्वभूमीत काम कसं करायचं हे या मंडळींना शिकायचं असेल तर त्यांनी भिसेगावात येऊन रुळांकडे बघावं. बोरघाटातला रेल्वेमार्ग १८६३ मध्ये खुला झाला. कर्जतच्या पुढे त्याचा चढ एकास सदतीस. पुढचं इंजिन एकटं पुरत नाही म्हणून कर्जतला गाडीच्या मागे बँकर इंजिनं लागतात. ती गाडी मागून रेटतात, घाट चढवतात आणि सुटी होऊन परत येतात. पुण्याला जाणाऱ्या किती प्रवाशांना त्यांचा रंग तरी माहीत असतो? एकही बँकर आजवर खंडाळ्याजवळ पुढे येऊन म्हणाला नाही की, चढ यशस्वीरीत्या पूर्ण झाला आहे, तुमचा अनुभव कसा वाटला, पाचपैकी किती तारे द्याल?

असो. इलाज.

पहिला आणि सगळ्यात हुकमी: गेमच्या सेटिंगमध्ये फुल स्क्रीनऐवजी बॉर्डरलेस निवडा. दिसायला अख्खा पडदा, प्रत्यक्षात नुसती मोठी चौकट. कुणी पुढे आलं तरी गेम खाली जात नाही, मागे चालू राहतो. दोन स्क्रीन लावून एकीवर गेम आणि दुसरीवर गप्पा मारणाऱ्यांची निम्मी रड इथेच संपते. यात बटणाला प्रतिसाद उशिरा मिळतो असं जुने खेळाडू सांगतात. पूर्वी ते खरं होतं, आता फरक बराच कमी झालाय. पण हरल्यावर कारण लागतंच.

स्टिकी कीजचा पाच शिफ्टवाला शॉर्टकट अ‍ॅक्सेसिबिलिटीत कीबोर्डखाली जाऊन बंद करा. सोय राहू दे, शॉर्टकट काढा. विंडोजचं बटण गेमपुरतं झोपवायची सोय बऱ्याच गेमिंग कीबोर्डांवर असते. कीबोर्ड घेताना दिवे किती रंगांत लागतात याऐवजी हे विचारलं असतंत तर कळलं असतं. गेम चालू असताना सूचना आपोआप गप्प करणारं ‘डू नॉट डिस्टर्ब’ विंडोज ११ मध्ये आहे. आणि टास्क मॅनेजरमध्ये स्टार्टअपची यादी उघडून कॉम्प्युटर सुरू होताना कोण कोण सोबत उठतं ते बघा. धक्का बसेल. अनोळखी नाव दिसलं तर आधी स्कॅन, मग शंका. तरीही चोर सापडला नाही तर निम्मे बंद करा, खेळून बघा, मग उरलेले निम्मे. दुरुस्तीवाला हेच करून पैसे घेतो. म्हणजे, केलं तर.

यात गंमत अशी की एके काळी लोकांना गेम खाली जायलाच हवा होता. ऐंशीच्या दशकातल्या कितीतरी गेममध्ये ‘बॉस की’ असायची. साहेब आले की एक बटण दाबायचं, गेम गडप आणि पडद्यावर हिशेबाचा तक्ता. १९८७ च्या ‘लेझर सूट लॅरी’तही ती होती. आज भिसेगावात बाबा लोकलमधली बदलापूरपर्यंतची गर्दी सोसून घरी येतात आणि जिन्यात चप्पल वाजते, तेव्हा पोरगं ऑल्ट-टॅब असं दाबतं की बॉस कीने लाजावं. नको तेव्हा आपसूक खाली जाणारा गेम नेमका त्या क्षणी वर चिकटून बसतो.

बाबाही काय बोलणार? महाराष्ट्राच्या विधान परिषदेत काय झालं ते त्यांनीही पाहिलंय. २० जुलै २०२५ ला आमदार रोहित पवारांनी व्हिडिओ टाकला. तेव्हाचे कृषिमंत्री माणिकराव कोकाटे सभागृहात, हातात मोबाइल, मोबाइलवर पत्ते. कोकाटेंनी साफ इन्कार केला. रमी खेळत नव्हतो, कामकाज बघायला मोबाइल उघडला तर मधेच गेम आला, तो घालवत होतो. विरोधकांनी विश्वास ठेवला नाही. मी ठेवायला तयार आहे. इतरांच्या गेममध्ये नको ते घुसतं, तर एखाद्याच्या कामात गेम का घुसू नये?

पण मग सरकारने काय करावं? ३१ जुलैला त्यांचं कृषी खातं काढून घेतलं आणि दुसरं दिलं.

क्रीडा.

हे सेटिंग कुणी बदललं ते शोधायला टास्क शेड्युलर उघडावा लागला नाही.