रक्तातच आहे म्हणे!

अहो वहिनी, ऐकलंत का? जरा इकडे सरका, मोठ्यानं नको बोलायला. काल दुपारी आमच्या ओट्यावर मिरच्यांची देठं खुडायला सगळ्या जमल्या होत्या, आणि त्या काकू... नाव नको घ्यायला, कळलं ना तुम्हाला? परवा लग्नात ज्या पोरानं ताट भिरकावलं, त्याच्यावर घसरल्या. "रक्तातच आहे! आजा असाच तापट होता." आणि पोराची आत्या तिथंच बसलेली! असं तोंड उतरलं बिचारीचं...

तर काय सांगत होते, माझी भाची, ती बी.एस्सी. करतेय ना, ती काकूंना म्हणाली, "आजी, अमेरिकेतले ते दोन जिम माहीत आहेत?" जुळे हो! तान्हेपणी दोन घरी दत्तक गेलेले, १९७९ मध्ये भेटले, वय वर्षं ३९. दोघांची नावं जिम, दोघांची पहिली बायको लिंडा, दुसरी बेटी, कुत्रं दोघांचंही टॉय! माय वं! काकू तर फुलल्याच. "बघा, रक्त!"

पोरगी गालात हसली. म्हणे, दोघंही वाढले एकाच ओहायोत, आणि त्या काळी लिंडा म्हणजे आपल्याकडची सुनीता, गल्लीगल्लीत एक. जुळ्यांचे ५० वर्षांतले अभ्यास २०१५ मध्ये एकत्र मांडले, जवळजवळ दीड कोटी जोड्यांचे. माणसामाणसांतल्या फरकाचा वारशाकडे जाणारा वाटा सरासरी ४९ टक्के निघाला. पण म्हणून एका माणसाचा राग अर्धा आज्याचा, अर्धा घरचा, अशी वाटणी नाही हं करता येत. तापटपणाकडे कल येतो म्हणे, पण ताट भिरकावायला लग्नातला अपमानही लागतो. कुणी केला, ते मी नंतर सांगते...

हां, तर आमचे मास्तर आबा आतून ओरडले, "इंग्रजही हेच बोलायचे!" १८१८ ला खानदेश घेतला आणि भिल्लांना जन्माचे लुटारू ठरवलं. मग १८२५ मध्ये औट्रम नावाच्या साहेबानं धरणगावला भिल्लांचीच पलटण उभारली. पगार दिला, कुणाला जमीन, कुणाला तगाई. तीच माणसं बंदोबस्ताला उभी!

आमच्याकडे कामाला येते ती ताई मान वर न करता म्हणाली, "मंग आमचं रक्त कवा बदललं?" काकूंना ठसका लागला. मिरचीचा म्हणे.

तरी गप्प बसतील तर ना! "आमचा नातू वर्गात पहिला आला, ते मात्र आमच्या रक्तातलंच." आणि त्यांची सून, एरवी तोंडातून शब्द न काढणारी, हळूच म्हणाली, "अहो आत्या, गेल्या वर्षी गणितात नापास झाला, तेव्हा तुम्ही म्हणालात, आईवर गेलाय!"

काकू तडक उठल्या. सूप इथंच विसरल्या. तुम्ही देऊन याल का, वहिनी? मी नाही बाई जात.