बोअरगाडीस अनावृत पत्र

प्रति,
श्रीमती बोअरगाडी,
मूळ गाव तिरुचेंगोडू, तामिळनाडू;
हल्ली मुक्काम मराठवाडा.

स. न. वि. वि.

पावसाचा भरवसा नाही, टँकरचा नाही; आपण मात्र मार्च उजाडला की हजर. आधी पाणाड्या येतो, त्याच्या तळहातावर नारळ उभा राहतो, तिथे आपण उभ्या राहता. मग रात्रभर घरघर आणि घरभर फुफाटा. ३०० फुटांवर ओल लागत नाही, तेव्हा आपला माणूस मालकाकडे बघतो आणि मालक शेजारच्या बांधाकडे. शेजारी ५०० ला गेलेला असतो. मग ६०० ठरतात. पुढच्या उन्हाळ्यात शेजारी ७००. पाणी लागो न लागो, आपला हिशोब फुटावर. या धंद्यात कधी कोरड्या न गेलेल्या आपण एकट्याच!

भूवैज्ञानिक उगाच कटकट करतात. म्हणे, हा दख्खनचा काळा पाषाण. पाणी साठतं ते मुख्यतः वरच्या मुरमात आणि भेगांत. त्याखाली बराचसा नुसता कातळ, आणि तिथे जे थोडंफार लागतं ते एका पावसाळ्यात भरून येत नाही. आम्ही त्यांना चहा पाजतो आणि वाटेला लावतो.

कायद्याचंही मनावर घेऊ नये. राज्याच्या २००९ च्या भूजल कायद्यात शेती-उद्योगासाठी ६० मीटरपेक्षा खोल विहिरींना मनाई करण्याची तरतूद आहे. म्हणजे जवळपास २०० फूट. पण रात्री शिवारात टेप धरायला येतो कोण?

२०१६ साली लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं. त्याच हंगामात मराठवाड्यातल्या साखर कारखान्यांची धुराडीही पेटली होती. ऊस तहानलेला ठेवायचा नाही, ही आमची रीत. माणसांसाठी रेल्वे आहेच. जमिनीखालचं पाणी उपसण्यात भारत जगात पहिला आहे, अमेरिका आणि चीन मिळूनही त्याच्यामागे. या मानात आपल्या पोलादी दातांचा वाटा मोठा, पण सत्कार मात्र अजून कुणी केला नाही.

एक सूचना. अहिल्यानगर जिल्ह्यात गेलात तर हिवरे बाजार गावात वेळ घालवू नका. शेतीसाठी बोअर घ्यायला तिथे गावानेच बंदी केली आहे. ऊस लावत नाहीत. पाऊस किती पडला ते मोजतात, ग्रामसभेत पाण्याचा ताळेबंद मांडतात आणि मग कोणतं पीक घ्यायचं ते ठरवतात. आपल्याला तिथे काम मिळणार नाही.

आपला,
फुटाच्या भावाने कर्ज फेडणारा एक शेतकरी