तंगडीचा परवाना

खारघरच्या बाल्कन्यांत हल्ली शनिवारी शेगडी पेटते आणि तंगडीला व्हिस्कीचा गोड लेप लागतो. कृती सोपी: वाशीच्या मार्केटातला गूळ, लसूण, व्हिनेगर, लाल तिखट आणि पेलाभर व्हिस्की. सगळं मंद आचेवर निम्मं होईस्तोवर आटवायचं. चमच्याच्या पाठीला चिकटलं की झालं. लेप शेवटच्या पाच मिनिटांतच फासावा, नाहीतर गूळ जळून कोळसा.

अडचण कायद्याची. १९४९च्या दारूबंदी कायद्यामुळे महाराष्ट्रात विदेशी मद्य प्यायला परवाना लागतो, तोही प्रकृतिस्वास्थ्यासाठी! पण चाटून खाल्लं तर? ‘शिजताना सगळी उडून जाते हो,’ असं सासूबाईंना सांगितलं जातं. पंधरा मिनिटं रटरटवूनही सुमारे ४० टक्के अल्कोहोल मागे राहतं, हे कुणी सांगत नाही. सासूबाई तिसरी तंगडी मागतात.

आणि ‘विदेशी’ तरी कसलं? आपल्याकडच्या बऱ्याचशा स्वस्त व्हिस्कीतलं स्पिरिट उसाच्या मळीचं. त्यात कोल्हापुरी गूळ, म्हणजे एकाच उसाची दोन लेकरं पुन्हा एका पातेल्यात. खरी स्कॉच लेपात ओतायला कुणाचा हात उचलत नाही; ती पाहुणे गेल्यावरच कपाटातून बाहेर येते.